अर्ज नामंजूर, खर्चाबद्दल आदेश नाही

मॅडमच्या कोर्टात पंचवीस वर्षांत एकाही वकिलाला ‘माझं ऐकलंच नाही’ असं म्हणायची सोय राहिली नव्हती. हरलेला वकील बाहेर येऊन फार तर म्हणायचा, की ऐकलं खूप, दिलं काही नाही. दोन्ही बाजूंना सारखा वेळ, सारखं पाणी आणि शेवटी सारख्याच आवाजात ‘आटपा आता’. ही सवय कोर्टात राहिली असती तर घरच्यांची काही तक्रार नव्हती, पण मॅडम ती पर्समध्ये घालून घरी आणत. मुलगी सात वर्षांची असताना केकचा शेवटचा तुकडा कुणाचा यावरून बापलेकीत जुंपली. मॅडमनी दोघांचं म्हणणं ऐकून घेतलं, दोघांना एकेक उलटप्रश्न विचारला आणि विचार करायला म्हणून त्या गॅलरीत गेल्या. परत येईपर्यंत तुकड्यावर मुंग्या आल्या होत्या.

नवरा दातांचा डॉक्टर होता. तो तेव्हापासून म्हणायचा, “हिच्या घरात न्याय मिळतो, केक मिळत नाही.”

अशा बाईंना स्वतःसाठी एक अर्ज करायची वेळ आली. तोही एका महिन्याच्या मुदतीत.

भानगड नऊ वर्षांची होती. नऊ वर्षांपूर्वी नियम निघाला, की ज्या न्यायाधीशांनी नोकरीत आल्यावर कायद्यातली पदव्युत्तर पदवी घेतली त्यांना तीन जादा वेतनवाढी मिळतील. मॅडमकडे ती पदवी होती, पण त्यांनी ती नोकरीत येण्याआधी, एक वर्ष आधी घेतली होती. त्यामुळे त्यांच्या वाट्याला काही नव्हतं. पदवी तीच, विद्यापीठ तेच, खुर्ची तीच. फक्त तारीख अलीकडची असायला हवी होती आणि ती पलीकडची निघाली.

तीन वेतनवाढींनी घराला सोन्याची कौलं लागणार नव्हती. पण मॅडमनी त्या पदवीचा शेवटचा पेपर नवव्या महिन्यात दिला होता. बाक आणि पोट यांचं जमेना, म्हणून तीन तास आडवं बसून लिहिलं. पेपर मंगळवारी झाला आणि शुक्रवारी मुलगी झाली. त्या तीन तासांची सरकारी किंमत शून्य, हे त्यांना टोचायचं.

त्याहून जास्त टोचायचे ते शेजारच्या कोर्टातले साहेब. माणूस चांगला, हसरा, दिलदार. त्यांनी पदवी नोकरीत आल्यावर घेतली, त्यांना तीन वेतनवाढी लागल्या आणि त्यांनी लाल रंगाची गाडी घेतली. ती गाडी ते रोज मॅडमच्या खिडकीखाली लावत. त्यालाही मॅडमची हरकत नव्हती. पण त्यांनी सगळा अभ्यास केला होता मॅडमच्या वह्यांवरून. नऊ वर्षांपूर्वी ‘चार दिवसांत देतो’ म्हणून नेलेल्या त्या वह्या अजून परत आल्या नव्हत्या. ज्यांनी वह्या लिहिल्या त्यांना काही नाही आणि ज्यांनी वाचल्या त्यांना तीन.

आता नवं परिपत्रक आलं. आधी पदवी घेतलेल्यांनाही तोच लाभ द्यावा का, हे ठरवायला तीनजणांची समिती बसली. ज्यांना लाभ हवा त्यांनी महिनाअखेर, सोमवारी संध्याकाळी पाचपर्यंत अर्ज करावा. पाचनंतरचा अर्ज उघडलाही जाणार नाही. ज्यांचा अर्ज नाही त्यांची तक्रार नाही असं धरलं जाईल. मॅडमना निवृत्तीला चौदा महिने उरले होते आणि ही समिती बसायलाच नऊ वर्षं लागली होती. म्हणजे संधी हीच आणि एवढीच.

“करून टाक अगं एकदाचा,” नवरा रोज म्हणायचा.

“करते हो.”

“लोकांचे अर्ज दिवसाला चाळीस वाचतेस. स्वतःचा एक लिहायला काय होतंय?”

काय होतंय ते मॅडमनाही कळत नव्हतं. टेबलावरच्या कॅलेंडरवर त्यांनी एक तारखेला ‘अर्ज’ असं लिहिलं, दोन तारखेला ते खोडून तीनवर नेलं, आणि असं ढकलत ढकलत तो शब्द शेवटच्या शुक्रवारपर्यंत आला. पुढे ढकलायला शनिवार-रविवारच उरले होते आणि त्या दिवशी स्टेनो नसायचे.

शुक्रवारी साडेचारला कोर्ट उठलं. मॅडमनी चेंबरमध्ये स्टेनोंना बोलावलं.

स्टेनो त्यांच्याकडे अकरा वर्षं होते. डोक्यावरचे केस गेले होते, पण बोटांचा वेग तसाच होता. मॅडमचं बोलणं त्यांच्या कानातून थेट बोटांत उतरायचं, वाटेत डोक्यात थांबत नसे. डोकं त्या वेळी दुसरं काम करायचं. गेला आठवडाभर ते घरच्या गळक्या नळाचा विचार करत होतं. सुरुवातीला, अकरा वर्षांपूर्वी, त्यांनी एकदा मध्येच थांबून “मॅडम, हे असं म्हणायचंय का तुम्हाला?” असं विचारलं होतं. तेव्हा मॅडम म्हणाल्या होत्या, “मजकुराची जबाबदारी माझी, स्वल्पविरामाची तुमची.” त्या दिवसापासून स्टेनोंनी स्वल्पविरामापलीकडे पाहिलं नव्हतं.

“घ्या. परिच्छेद एक,” मॅडम म्हणाल्या आणि अडखळल्या. ‘मी’ म्हणायला त्यांना कसंसंच झालं. मला द्या, माझं द्या, हे हात पसरल्यासारखं वाटलं. मग त्यांना तोडगा सुचला. “अर्जदार या न्यायाधीश असून त्यांची सेवा पंचवीस वर्षांची आहे.”

अर्जदार म्हटल्याबरोबर जीभ मोकळी झाली. दुसऱ्या परिच्छेदापासून सहाव्यापर्यंत मॅडमनी अर्जदाराची बाजू अशी मांडली, की ऐकणाऱ्याने लगेच खिशात हात घालावा. एकच पदवी असलेले दोन न्यायाधीश शेजारी शेजारी बसून एकच काम करतात. अर्जदाराने ज्ञान नोकरीत येताना बरोबर आणलं, म्हणजे सरकारला ते पहिल्या दिवसापासून मिळालं. दुसऱ्याचं ज्ञान मधल्या काळात आलं, म्हणजे सरकारला ते उशिरा मिळालं. लवकर देणाऱ्याला कमी आणि उशिरा देणाऱ्याला जास्त, हा कुठला हिशेब? मॅडमचा आवाज चढला. सहावा परिच्छेद संपला. अर्जही इथेच संपायला हवा होता.

“परिच्छेद सात,” मॅडम म्हणाल्या. “याउलट.”

स्टेनोंची बोटं थांबली नाहीत. ‘याउलट’ हा शब्द त्यांनी अकरा वर्षांत हजारो वेळा टाइप केला होता. पुढच्या अक्षरासाठी बोटं हवेत तयार होती.

मॅडमनी समोर पाहिलं. समोर दोन खुर्च्या होत्या. एका खुर्चीवर त्यांची पर्स होती, दुसरी रिकामी. गैरहजर पक्षाची बाजू जरा जास्त जपून पाहायची, हा त्यांचा जुना नियम होता. तो बिचारा बोलायला नाही, म्हणून त्याचं नुकसान होता कामा नये. आणि मॅडम त्या रिकाम्या खुर्चीच्या वतीने बोलू लागल्या.

जादा वेतनवाढ हे प्रोत्साहन आहे. जो जेवून आला आहे त्याला जेवायचा आग्रह करण्यात अर्थ नसतो. आधीच्या पदवीचा फायदा अर्जदाराला निवडीच्या वेळी मिळालेला असणार. आणि दिवसभर कोर्ट चालवून, घरी जाऊन पुस्तक उघडणाऱ्या शेजारच्या न्यायाधीशांचे कष्ट नजरेआड करता येत नाहीत. (इथे त्यांना वह्या आठवल्या, पण वह्या पुराव्यात आलेल्या नसल्यामुळे त्यांनी त्या सोडून दिल्या.) नियमाची भाषा स्पष्ट आहे. स्पष्ट भाषेला दयेपोटी वाकवता येत नाही.

दहावा परिच्छेद झाला. अकरा, बारा, तेरामध्ये दोन्ही बाजूंचा विचार झाला. मॅडम उठून फेऱ्या मारू लागल्या होत्या. डोळे अर्धे मिटलेले, हात मागे. गेल्या कित्येक महिन्यांत इतकं सफाईदार काही जमलं नव्हतं. मुद्द्यातून मुद्दा निघत होता.

“परिच्छेद चौदा. आदेश. अर्ज नामंजूर. खर्चाबद्दल आदेश नाही.”

त्या खुर्चीत बसल्या. शुक्रवार संध्याकाळचं समाधान सगळ्या अंगभर पसरलं. स्टेनोंनी कागद काढले आणि इतर एकतीस कागदांबरोबर सहीला ठेवले. मॅडमनी बत्तीस सह्या केल्या. खाली ‘आदेश’ असलेल्या प्रत्येक कागदावर स्टेनो कोर्टाचा गोल शिक्का मारायचे, तो त्यांनी यावरही मारला. पाच वाजून दहा मिनिटांनी टपाल पलीकडच्या मुख्य इमारतीत गेलं. मॅडम एक प्रत पर्समध्ये घालून घरी आल्या आणि दारातच म्हणाल्या, “झालं हो एकदाचं.”

प्रत उघडली रविवारी सकाळी. नवऱ्याने चष्मा चढवला, चहाचा कप बाजूला सरकवला आणि वाचायला सुरुवात केली. मॅडम खिडकीत कुंड्यांना पाणी घालत होत्या.

“वा,” नवरा म्हणाला. थोड्या वेळाने म्हणाला, “हे बेस्ट. लवकर देणाऱ्याला कमी. वा गं वा.”

मॅडम पाठमोऱ्या होत्या, पण खूश झाल्या. मग पान उलटल्याचा आवाज आला.

“अगं, हा वकील कोण आहे?”

“कोणता वकील?”

“सातव्या परिच्छेदापासून बोलायला लागलाय तो. चांगला आहे. आपण त्याला का नाही घेतलं?”

मॅडमच्या हातातलं पाणी कुंडीतून जमिनीवर वाहायला लागलं.

“आणि शेवटी,” नवरा पान उलटून म्हणाला, “तू हरलीस.”

मुलगी आतल्या खोलीतून केस पुसत आली. ती सव्वीस वर्षांची होती आणि शेजारच्या शहरातल्या एका कारखान्यात यंत्रांची तपासणी करायची. सुट्टीला घरी आली होती. तिने बापाच्या खांद्यावरून शेवटचं पान वाचलं.

“आई, तू स्वतःला नापास केलंस?”

“नापास नाही, नामंजूर,” मॅडमच्या तोंडून निघून गेलं.

“म्हणजे केलंस!”

मॅडमनी कागद हिसकावून घेतले आणि उभ्याउभ्या वाचले. सातवा परिच्छेद वाचताना त्यांचा चेहरा पांढरा पडला. नवव्यापर्यंत तो पूर्ववत झाला. तेरावा संपेपर्यंत त्यावर हलकं तेज आलं होतं.

“तसा,” त्या हळूच म्हणाल्या, “निकाल चुकीचा नाही दिसत.”

नवऱ्याने दोन्ही हातांनी डोकं धरलं. “अगं बाई, दाताला बाजू दोन असतात, दुखते एकच. पेशंट येतो तो दुखतं तिथे बोट ठेवतो. दुसरी बाजू बघायला मी बसलोय ना! माझ्याकडे आजवर एकही पेशंट आला नाही, जो म्हणाला, डॉक्टर, इकडून फार दुखतंय, याउलट तिकडून मुळीच दुखत नाही, सबब मी घरी जातो. तू पेशंट म्हणून गेली होतीस गं! तुला कुणी खुर्चीमागे उभं राहायला सांगितलं होतं?”

“पण समोरची बाजू मांडायला कुणी नव्हतं हो.”

“म्हणून तू मांडलीस?”

“कुणीतरी नको का?”

मुलगी टेबलावर बसली. “आई, तो पेपर दिलास तेव्हा मी लाथा मारत होते ना?”

“पूर्ण तीन तास.”

“मग माझी साक्ष का नाही काढलीस? यात सगळ्यांचं आहे. शेजारच्या साहेबांचे कष्ट आहेत, नियमाची भाषा आहे, जेवून आलेला माणूस आहे. मंगळवारचा पेपर कुठेय? मी कुठेय?”

मॅडमनी पहिल्या पानापासून पुन्हा पाहिलं. मंगळवार नव्हता. बाक नव्हता. पोट नव्हतं. अर्जदार या नावाची एक बाई होती, जिला आपणही ओळखत नाही असं त्यांना वाटलं. त्या खाली बसल्या.

“मला हवंय ते,” त्या म्हणाल्या. पंचवीस वर्षांत घरच्यांनी हे वाक्य त्यांच्या तोंडून ऐकलं नव्हतं. “उद्या जाऊन बदलून देते.”

सोमवारी मॅडमनी अर्ध्या दिवसाची रजा टाकली. मुख्य इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर आस्थापना शाखेत त्या दोन वाजता पोचल्या. मागोमाग स्टेनोही आले. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं, पण सकाळी सगळा प्रकार कळल्यापासून त्यांनी नळाचा विचार सोडून दिला होता.

शाखेच्या अधीक्षकबाई एके काळी मॅडमच्याच कोर्टात कारकून होत्या. मॅडमना पाहून त्या उठून उभ्या राहिल्या.

“या मॅडम, या. तुमचा अर्ज मिळाला. निकालही मिळाला.”

“तो निकाल नाही हो. ओघात झालंय. मला परत द्या, मी दुसरा देते.”

“परत कसा देऊ?” अधीक्षकबाईंनी गठ्ठ्यातून कागद काढला आणि बोट ठेवत दाखवला. “आदेश आहे. तारीख आहे. सही आहे. गोल शिक्का आहे. मी आज सकाळीच निकाली गठ्ठ्यात लावला.”

“मग दुसरा अर्ज घ्या.”

“त्याच मागणीचा? एकदा निकाल लागल्यावर? मॅडम, असा अर्ज मी तुमच्यापुढे आणला होता एकदा. तुम्ही मला काय म्हणालात, आठवतं?”

मॅडमना आठवत होतं. त्यांनी विषय बदलला. “दुरुस्ती?”

“टंकनाची चूक असेल तर करता येते,” अधीक्षकबाई म्हणाल्या आणि सगळ्यांनी स्टेनोंकडे पाहिलं.

स्टेनो दोन पावलं पुढे आले. “माझी चूक लिहा,” ते म्हणाले. “मंजूर म्हणाल्या होत्या. माझ्याकडून आधी ‘ना’ पडला.”

“तसं लिहून देता?” अधीक्षकबाईंनी लगेच कागद पुढे केला. त्यांच्याही मनात होतंच.

“नाही,” मॅडम म्हणाल्या. “आणि सात ते तेरा परिच्छेद? तेही यांच्या बोटांतून निसटून पडले? मजकूर माझा आहे.”

“तुम्ही कशाला खरं बोलताय मॅडम!” स्टेनो कळवळून म्हणाले.

अधीक्षकबाईंनी कागद मागे घेतला. “मग अपील करा.”

“त्यात गैरअर्जदार कोण?”

“आदेशाविरुद्ध अपील म्हणजे…” अधीक्षकबाई विचारात पडल्या. “तुम्हीच की. दोन्हीकडून.”

“निकाल कधी लागेल?”

“दोनेक वर्षं धरा. पण समितीची यादी आज पाचला बंद होतेय.” भिंतीवरचं घड्याळ पावणेतीन दाखवत होतं. “मॅडम, माझं ऐका, पाचच्या आत काहीतरी शोधून आणा. मी खुर्ची सोडत नाही. पण नुसतं चुकून झालं म्हणू नका. ते मी तुमच्याकडूनच शिकलेय.”

साडेतीनला शेजारच्या साहेबांचं कोर्ट चहासाठी उठलं. मॅडम त्यांच्या चेंबरमध्ये जाऊन बसल्या आणि झालेलं सगळं सांगितलं. साहेबांनी अर्धं ऐकेपर्यंत कसंबसं आवरून धरलं. ‘खर्चाबद्दल आदेश नाही’ इथे त्यांचा चहा बशीत सांडला.

“माफ करा,” डोळे पुसत ते म्हणाले. “पण निदान खर्च तरी द्यायचा होतात स्वतःला!”

“हसू नका. मला मार्ग सांगा.”

“मी काय सांगणार? तुमच्याच वहीत आहे.” त्यांनी खालचा ड्रॉवर ओढला आणि तपकिरी कव्हरची एक वही काढली. मॅडमनी ती नऊ वर्षांनी पाहिली. कोपऱ्यावरचा चहाचा डाग त्यांचाच होता, बाकीचे तीन नवे होते. साहेबांनी पहिलं पान उघडून मॅडमचंच अक्षर त्यांना वाचून दाखवलं. “स्वतःच्या प्रकरणात स्वतः निकाल देता येत नाही. दिलाच, तर तो मुळात नसल्यासारखा. खाली दोन रेघा मारल्यात तुम्ही. लाल शाईने.”

“हे मला माहीत आहे,” मॅडम तुटकपणे म्हणाल्या. “शंभरदा लोकांना लागू केलंय. पण तो नियम पक्षपात होऊ नये म्हणून आहे. मी कुठे स्वतःच्या बाजूने दिला? मी तर विरुद्ध दिला.”

“नियम बाजूने की विरुद्ध असं विचारतो का? नियम विचारतो, खुर्चीत कोण होतं आणि अर्ज कुणाचा होता.”

“पण मी पूर्ण तटस्थ होते!”

“हे प्रत्येकजण म्हणतो. मॅडम, तुमच्यापुढे एखादा म्हणाला असता, की साहेब, माझ्याच अर्जावर मीच निकाल दिला पण फार तटस्थपणे दिला, तर तुम्ही काय केलं असतंत?”

आपण काय केलं असतं ते मॅडमना स्पष्ट दिसत होतं. त्याला दोन मिनिटांत घरी पाठवला असता.

“शिवाय पक्षपात झालाच,” साहेब म्हणाले. “गैरहजर माणसावर इतकी माया करतात का? माझे कष्ट काय, माझं पुस्तक काय! अहो, मी तुमच्या वह्या झोपून वाचायचो. पोटावर उघडी ठेवून.”

मॅडम उठल्या. “वही द्या इकडे.”

“पुरावा म्हणून नेताय?”

“माझी आहे म्हणून नेतेय,” मॅडम म्हणाल्या, आणि एवढं सरळ आपण बोलू शकतो याचं त्यांना दारापर्यंत जाताना नवल वाटत राहिलं.

चार वाजून पस्तीस मिनिटांनी त्या पुन्हा दुसऱ्या मजल्यावर होत्या. अधीक्षकबाईंनी वही वाचली, लाल रेघा पाहिल्या.

“म्हणजे हा निकाल मुळी नाहीच?”

“नाही. आदेश गळाला, की उरतो तो अर्ज. शुक्रवारी तुमच्याकडे आलेला. मुदतीत.”

अधीक्षकबाईंचा चेहरा उजळला. “याला म्हणतात कारण! एवढं लेखी द्या, मी निकाली गठ्ठ्यातून काढते.”

“घ्या,” मॅडम स्टेनोंकडे वळल्या. “परिच्छेद एक. अर्जदार—”

“थांबा,” स्टेनो म्हणाले.

अकरा वर्षांत दुसऱ्यांदाच ते मध्ये बोलले होते. त्यांनी खिशातलं पेन काढून मॅडमच्या हातात दिलं. “तोंडी नको, मॅडम. हाताने लिहा. आणि अर्जदार नको.”

मॅडमनी कोरा कागद ओढला. बराच वेळ पेन कागदावर टेकलेलं राहिलं. मग त्यांनी ‘मी’ लिहिलं. पुढे सोपं होतं. मी माझ्याच अर्जावर आदेश दिला, तो मला देता येत नव्हता, सबब तो नाही. माझा अर्ज समितीपुढे ठेवावा. ती पदवी मी नोकरीच्या एक वर्ष आधी घेतली. शेवटचा पेपर नवव्या महिन्यात आडवं बसून दिला. मला ती मोजलेली हवी आहे. चार ओळी झाल्या. पाचव्या ओळीच्या सुरुवातीला त्यांच्या हाताने ‘तथापि’ लिहिलं.

स्टेनो खोकले. अधीक्षकबाईंनी घड्याळाकडे पाहिलं. चार बावन्न झाले होते.

मॅडम त्या शब्दाकडे पाहत राहिल्या. त्याच्या पलीकडे तीनएक चांगले मुद्दे उभे होते, हे त्यांना दिसत होतं. मग त्यांनी ‘तथापि’ आडवी रेघ मारून खोडला. खाडाखोडीवर सही लागते, म्हणून शेजारी छोटी सही केली. मग खाली मोठी. चार वाजून चौपन्न मिनिटांनी कागदावर पोच पडली. स्टेनोंनी त्यावर गोल शिक्का मारू नये म्हणून अधीक्षकबाईंनी शाईची डबी आधीच ड्रॉवरमध्ये टाकली होती.

समितीचं पत्र तीन महिन्यांनी घरी आलं. रविवार होता, मुलगी आलेली होती, टेबलावर केक होता. नवऱ्याने पत्र मोठ्याने वाचायला घेतलं.

“समितीपुढे एकशे बारा अर्ज आले. त्यांपैकी एकशे अकरा अर्जांत फक्त अर्जदारांची बाजू होती. विरुद्ध बाजू मांडण्यास कोणीही हजर नव्हते. मात्र अर्ज क्रमांक सदुसष्ट…” तो थांबला. “सदुसष्ट कोण?”

“पुढे वाचा,” मॅडम म्हणाल्या.

“अर्ज क्रमांक सदुसष्टच्या परिच्छेद सात ते दहामध्ये ती बाजू इतक्या समर्थपणे मांडलेली आढळली, की तिला उत्तर दिल्याशिवाय समितीला पुढे जाणे शक्य झाले नाही. त्यासाठी दोन बैठका जादा घ्याव्या लागल्या.” नवऱ्याने चष्म्यावरून बायकोकडे पाहिलं. “एकशे बारा न्यायाधीशांना तू दोन बैठका टांगून ठेवलंस.”

“बाबा, शेवट वाचा ना!”

“पदवी आधीची असो वा नंतरची, लाभ समान. सर्व अर्ज मंजूर. बाई, मिळालं!”

मुलीने टाळ्या पिटल्या. मॅडमनी पत्र ओढून घेतलं. मंजूर हा शब्द त्यांनी बोटाने दोनदा चाचपला. नवव्या महिन्यातल्या परीक्षेचाही उल्लेख होता, एका ओळीत, कंसात. तो वाचून त्यांनी नाक ओढलं. मग त्या वरच्या पानावर गेल्या आणि कपाळाला आठी पडली.

“काय झालं?” नवऱ्याने विचारलं.

“परिच्छेद नऊला यांनी नीट उत्तरच दिलेलं नाही. बगल दिलीय. हे अपिलात टिकायचं नाही.”

“अगं, निकाल तुझ्या बाजूने आहे!”

“असू दे. पण नियमाच्या भाषेचा मुद्दा—”

“सही आहे?”

“आहे.”

“शिक्का?”

“आहे.”

“मग आता त्याला हात लावायचा नाही. तुझाच नियम आहे.” नवऱ्याने पत्र त्यांच्या हातातून काढून दातांच्या एक्स-रेंच्या लिफाफ्यात घातलं, कारण त्या लिफाफ्याला मॅडम कधी हात लावत नसत.

ताटलीत केकचा एक तुकडा उरला होता. बापलेक दोघांनी त्याच्याकडे पाहिलं, मग एकमेकांकडे, आणि जुन्या सवयीने दोघं एकदमच बोलायला लागले. मॅडमनी हात पुढे केला आणि तुकडा उचलून तोंडात टाकला.

“अगं, आमचं ऐकून तरी घ्यायचंस!” नवरा म्हणाला.

मॅडमनी मान हलवली. तोंड भरलेलं होतं.